खाणीकडचा रस्ता

हेडविका : तीन. आज माझ्या खिडकीवर अवघे तीन कोट. एक त्या काठीवाल्या आजींचा, ज्यांना दिसत नाही, आणि दोन परदेशी पाहुण्यांचे. बाकी सगळं नाट्यगृह तुमच्या खिडकीपुढे. रांग पार जिन्यापर्यंत. मी इथे माश्या मारायला बसलेय का?

लोइझा : जानेवारीत माश्या कुठून आणणार, हेडविका.

हेडविका : विनोद नको. प्रेक्षकांचे कोट ठेवून घ्यायला खिडक्या दोन. माझ्यापुढे शुकशुकाट, तरी माणसं तुमच्याच रांगेत पाय दुखवत उभी. दुसरी घंटा होऊन गेली तरी हलायला तयार नाहीत. तो लांब गळपट्टेवाला काय म्हणत होता मघाशी?

लोइझा : म्हणाला, ‘वेटर, सूप गार आहे.’

हेडविका : आणि तुम्ही?

लोइझा : मी म्हटलं, ‘सूप गरमच होतं साहेब, तुम्हीच उशिरा आलात.’ दुसरं काय म्हणणार? युद्धाच्या आधीच्या सिनेमातलं वाक्य ते. त्या अख्ख्या सिनेमात माझ्या वाट्याला तेवढंच होतं. बायकोने चार वेळा तिकीट काढून ऐकलं.

हेडविका : आणि रांगेतले सगळे हसले. दाराशी करड्या टोपीचा माणूस उभा होता, तो तेवढा नाही हसला.

लोइझा : त्याला कामावर असताना हसायची मुभा नसेल.

हेडविका : हे अंगाशी येणार, मी सांगून ठेवते. तुमचं तोंड पडद्यावर दिसू नये म्हणून सरकारने तुम्हाला कोट सांभाळायला बसवलं. आता रोज सहाशे माणसं तेच तोंड हातभर अंतरावरून बघतात. कुठल्या शहाण्याने ही जागा दिली तुम्हाला?

लोइझा : कामगार कचेरीतल्या एका बाईंनी. माझे कागद वाचले आणि म्हणाल्या, तुम्हाला जनतेशी संबंध येणार नाही असं काम द्यायचं आहे. नाट्यगृहात कोट ठेवायची जागा म्हणजे तळघरातली अडगळ असणार, असं वाटलं बिचारीला. कधी नाटकाला गेलीच नसावी.

हेडविका : आपल्या देशात कोट अंगावर ठेवून कोणी नाटकाला बसत नाही, हे शेंबड्या पोराला ठाऊक आहे.

लोइझा : तिला नव्हतं. देव तिचं भलं करो.

(तिसरी घंटा होते. प्रेक्षागृहाची दारं मिटतात. कोटांच्या रांगांमध्ये दोघंच उरतात, आणि जिन्यावरून एक माणूस उतरून येतो.)

राडिम : नमस्कार, लोइझाकाका.

हेडविका : अहो, ओव्हरकोट घालून आत सोडत नाहीत. काढा आणि द्या इकडे. माझा चौथा होईल.

राडिम : मी नाटकाला आलो नाही, बाई. मला यांच्याशी, श्री. कुद्रनांशी बोलायचं आहे. खासगी.

लोइझा : यांच्यापासून खासगी काही नसतं. हेडविका, हा राडिम कासाल. स्टुडिओत आला तेव्हा शॉटआधी क्लॅपची पाटी वाजवायचा, बोट चेंगरलं की रडायचा. मग सहायक दिग्दर्शक झाला. आता टेलिव्हिजनमध्ये एक अख्खा विभाग याच्या हाताखाली आहे. डॉक्टर कासाल म्हणायचं.

हेडविका : पडशाला औषध देतात का हे?

राडिम : ती पदवी निराळी, बाई. काका, मी गेल्या आठवड्यात मालिकेची संहिता पाठवली होती. नजरेखालून घातलीत?

हेडविका : नजरेखालून काय विचारता, पाठ झालीय. रोज पडदा वर गेला की इथे दुसरा खेळ सुरू होतो. मी बायकोचं, मुलाचं, पूल बांधायला आलेल्या इंजिनीअरचं, सगळ्यांचं वाचते आणि हे नावाड्याचं म्हणतात. चौथ्या भागात मला कुणाच्या तरी कोटाच्या बाहीला डोळे पुसावे लागले. आत नाटकात लोक टाळ्या वाजवत होते, मी म्हटलं वाजवा, खरं नाटक इथे चाललंय.

राडिम : काका, तुम्हाला आवडली?

लोइझा : राडिम, माझं वय त्रेसष्ट. मी सिनेमात किती वेटर केले ते मला आठवत नाही. पोस्टमन केले, सासरे केले, फौजदार केले, लग्नात दारू पिऊन पडणारे मामा केले. आमच्यात एका वाक्याच्या कामाला ‘भुंकणं’ म्हणतात, तुला माहीत आहे. दारात यायचं, भुंकायचं आणि जायचं. चाळीस वर्षं मी भुंकलो. आणि आता तू मला अकरा भागांचा नावाडी देतोस. म्हातारा, हट्टी, नदीवर पूल होणार म्हणून जीव तीळतीळ तुटणारा. आवडली का म्हणून काय विचारतोस? मला ती भूमिका हवी आहे, फार हवी आहे.

राडिम : मग झालंच. काका, मी कसा लढलो ते माझं मला माहीत. वरच्यांनी आधी दुसरीच नावं काढली. मी म्हटलं, हा चेहरा हवा. लोकांना नाव माहीत नसतं, पण हा माणूस घरातला वाटतो. आणि या वेळी नाव माहीत होईल. सगळ्यात वर, एकट्याचं. ‘अलोइस कुद्रना’, आणि मग बाकीचे.

लोइझा : आजवर मी ‘आणि इतर’मध्ये होतो.

हेडविका : ऐकलंत? आता घेऊन टाका. इथे दुसऱ्यांच्या कोटांची लोकर हुंगत बसण्यापेक्षा बरं. मी माझ्या बहिणीला सांगूनसुद्धा ठेवलंय, तिच्याकडे मोठा टीव्ही आहे.

लोइझा : थांबा जरा. राडिमने अजून ओव्हरकोट काढलेला नाही. चांगली बातमी आणणारा माणूस आधी कोट काढतो.

राडिम : एक छोटी औपचारिकता आहे.

हेडविका : आलं.

राडिम : बाई, जरा बोलू द्या. काका, पाच वर्षांपूर्वीचं ते ऑगस्टमधलं प्रकरण. ते तुमच्या नावापुढून निघाल्याशिवाय मला काही करता येत नाही. तुम्ही पडद्यावर यायचं तर आधी त्याचा खुलासा व्हायला हवा. टेलिव्हिजनवर, मिनिटभर, बसून बोलायचं. मजकूर तयार आहे.

लोइझा : वाच.

राडिम : ‘त्या दिवशी सकाळी मी चित्रीकरणाच्या पोशाखात माझ्या भूमिकेची तालीम करत होतो. मित्रदेशांच्या सैन्याची वाहने तेथे आली असता मी भूमिकेतून बाहेर आलो नाही. माझ्या हावभावांमुळे जो गैरसमज झाला, त्याबद्दल मला खेद वाटतो.’ बस. इतकंच. माफी नाही, नाकदुऱ्या नाहीत, कोणाला शिव्या नाहीत.

लोइझा : सुरेख लिहिलंय. कोणी?

राडिम : मीच. चौकशी समितीच्या मसुद्यात ‘दारूच्या नशेत’ असं होतं. ते मी भांडून काढायला लावलं.

लोइझा : ठेवायचंस. दारू निदान माणूस स्वतः पितो.

हेडविका : मला एक कळू दे. त्या गोष्टीच्या मी दहा तऱ्हा ऐकल्यात. लाँड्रीवाली म्हणते तुम्ही रणगाड्यापुढे आडवे पडलात. आमचा शेजारी म्हणतो तुम्ही घोड्यावर होतात. खरं काय घडलं?

लोइझा : घोडा होता, पण तो सिनेमातला, आणि तो माझ्याआधी पळाला. ऐका. आम्ही एका खेड्यात विनोदी सिनेमा करत होतो. काळ जुन्या प्रजासत्ताकाचा, अगदी सुरुवातीच्या वर्षांतला. मी गावचा पोलीस हवालदार. डोक्यावर कोंबड्याची पिसं लावलेली टोपी, कमरेला तलवार, ओठावर ही एवढी मिशी. रशियनांचं सैन्य देशात शिरलं त्याला एक दिवस झाला होता. दिग्दर्शक म्हणाला, तोंडं रंगवून बसा, रेडिओ काय म्हणतो ते बघू, जमलं तर निदान एक शॉट उरकू. सैन्याला वाट सापडू नये म्हणून गावच्या लोकांनी रस्त्यावरच्या सगळ्या पाट्या काढून लाकडाच्या वखारीत टाकल्या होत्या. चौकात नुसते खांब. तेवढ्यात पोस्टातल्या बाई धावत आल्या. शेजारच्या गावातून फोन होता की रणगाडे या रस्त्याने निघालेत. झालं. कॅमेरा गाडीत, दिवे गाडीत, माणसं गाडीत. कपड्यांची गाडी सगळ्यांत पुढे. आणि तिच्यात माझी पँट.

हेडविका : पँट?

लोइझा : माझी खरी पँट, खरा सदरा, खरे बूट. मी हवालदाराच्या कपड्यांत चौकात एकटा. गाडीमागे धावलो, पण तलवार पायात येते. मग थांबलो. आणि वळणावरून पहिला रणगाडा आला.

हेडविका : तुम्ही पळाला नाहीत?

लोइझा : पळणार होतो. खरं सांगतो, एक पाय उचललाही होता. पण तो रणगाडा माझ्यापुढे थांबला. मागे आणखी होते, त्यांच्यामागे मालमोटारी, शेपूट दिसेना. वरून एक अधिकारी उतरला. कोवळा पोरगा, डोळे लाल झालेले, हातात नकाशा. खांबाकडे बघतो तर पाटी नाही. नकाशाकडे बघतो. मग माझ्याकडे बघतो. आणि मला म्हणतो, ‘प्राग?’ एवढंच.

हेडविका : तुमचा तो पोशाख बघून त्याला काही वाटलं नाही?

लोइझा : काय वाटणार? आमचा हवालदार कसा दिसतो हे त्याला कुठे ठाऊक. ज्या सरकारचा मी शिपाई होतो ते सरकार तीस वर्षांपूर्वी संपलेलं. त्याला वाटलं, हे या देशाचे पोलीस. पिसं लावतात, लावत असतील. आणि त्याने मला सलाम केला.

राडिम : काका, हे सगळं समितीला माहीत आहे. कोणीतरी फोटो काढला होता.

लोइझा : पण फोटोत रस्ता दिसत नाही. उजवीकडचा रस्ता प्रागला जातो. डावीकडचा चुनखडीच्या खाणीत उतरतो आणि तिथेच संपतो. मी हात वर केला. मागचे सगळे थांबले. मग मी सावकाश, कसलीही घाई न करता, डावीकडे हात केला. आणि ते गेले, हेडविका. एकामागून एक. शेवटची मालमोटार जाईपर्यंत मी हात खाली घेतला नाही. पुढच्याला रस्ता संपल्याचं कळलं तोवर मागचे येऊन भिडले होते. वळायला जागा नाही, खाली चुन्याचा रेंदा. बाहेर निघेपर्यंत संध्याकाळ झाली म्हणतात. तोवर मी खानावळवाल्याच्या पँटमध्ये रताळ्यासारखा बसून बिअर पीत होतो. पँट माझ्या दुप्पट होती.

हेडविका : आणि लाँड्रीवाली म्हणते आडवे पडलात. काय ही माणसं, चांगली गोष्ट बिघडवतात.

राडिम : काका, प्राग त्याच्या आदल्या रात्रीच त्यांच्या हातात गेलं होतं. तुमच्या खाणीने काय बदललं? काही नाही. अर्धा दिवस थोडे रणगाडे चिखलात. त्याच्यासाठी पाच वर्षं तुम्ही लोकांचे कोट खुंटीला अडकवता आहात. अजून किती वर्षं अडकवणार?

लोइझा : हातांत ताकद आहे तोवर.

राडिम : मला राग येऊ देऊ नका. तुम्ही आयुष्यात कधी कोणाला ‘नाही’ म्हणालात? युद्धात जर्मनांचं राज्य होतं तेव्हा विनोदी शिंपी केलात, लोक हसत होते आणि बाहेर माणसं धरून नेत होते. नंतर कामगारांचं राज्य आलं तेव्हा धान्य लपवणारा जाडजूड शेतकरी केलात, कारण तुमचं पोट मोठं होतं आणि तेव्हा पोटं वाईट समजली जायची. एक्कावन्न साली सभेत ठरावाच्या बाजूने हात वर करायला लावला तेव्हा वर केलात. मी क्लॅप घेऊन कोपऱ्यात उभा होतो, मी पाहिलंय. मग आताच हे नाकाने कांदे सोलणं कशाला?

हेडविका : ए, जीभ सांभाळ.

लोइझा : असू द्या, हेडविका. खरंच आहे ते. राडिम, राज्य बदललं की माझी टोपी बदलायची. मागच्या भिंतीवरची तसबीर बदलायची, मी तोच, तबक घेऊन उभा. प्रत्येकाने माझ्या तोंडात आपलं वाक्य घातलं आणि मी ते नीट, स्वच्छ म्हटलं. मला त्याचा अभिमान नाही, पण रडतही बसत नाही. तो धंदा होता. लिहिणाऱ्याचं नाव वर होतं, माझं ‘आणि इतर’मध्ये. पण त्या चौकात मला कोणी काही लिहून दिलं नव्हतं.

राडिम : म्हणून म्हणतो, सोपं आहे. तुम्ही नट आहात. तुम्ही फक्त म्हणायचं की मी अभिनय करत होतो. अभिनेत्याने अभिनय केला म्हणायला लाज कसली?

लोइझा : तेवढं एकदाच केला नाही रे.

राडिम : काका—

लोइझा : ते सोडून काहीही माग. मी दारू प्यायलो होतो, मी मूर्ख आहे, मला डावं-उजवं कळत नाही, काय हवं ते लिही, मी म्हणून टाकतो. पण तालीम चालली होती असं मी म्हणणार नाही. आणि तुला तर ते माहीत आहे. तू तिथे होतास.

हेडविका : हे तिथे होते?

लोइझा : सहायक दिग्दर्शक होता तो.

हेडविका : म्हणजे कपड्यांच्या गाडीत बसून पँट घेऊन पळाले ते हेच का?

राडिम : मी पळालो नाही. गाडी सुटत होती, मी बसलो. मला दोन लहान मुलं होती. कोणीही बसला असता.

हेडविका : बसला असताच. मी पण बसले असते. पण मी नंतर पँट परत दिली असती.

लोइझा : दिली त्याने. टपालाने, इस्त्री करून.

राडिम : ऐका. मला थोडं नीट सांगू द्या. समितीने माझीही चौकशी केली. विचारलं, तुम्ही त्या चौकात होतात का, होतात तर त्याला अडवलं का नाही, नव्हतात तर काम सोडून कुठे गेलात. काय सांगणार? मी सांगितलं, आमची तालीम चालू होती. सगळे जागेवर होते. कॅमेरा बाजूला होता. रणगाडे आपले आपण वळले. त्यांनी ते माझ्यापुरतं मानलं. म्हणून मी आज खुर्चीवर आहे, आणि खुर्चीवर आहे म्हणून तुमच्यासाठी काही करू शकतो.

लोइझा : आणि आता मी तेच म्हटलं की तुझं खरं होणार.

राडिम : दोघांचंही भलं होणार. एवढं वाईट आहे का ते?

हेडविका : एक मिनिट. लोइझा, तुम्ही तालीम करत होतात का?

लोइझा : नाही.

हेडविका : मग झालं तर.

राडिम : बाई, तुम्हाला वाटतंय तेवढं हे सोपं नाही.

हेडविका : मला सोपं वाटत नाही. मला तो टीव्हीवरचा नावाडी बघायचा होता, अगदी जिवापासून. बहिणीला सांगूनही बसले. आता तिला सांगेन, नाही येत. ती विचारेल का. मी सगळं सांगेन, पहिल्या रणगाड्यापासून. आणि तिच्या इमारतीत ती एकटी राहत नाही.

राडिम : हेच. नेमकं हेच. काका, तुम्हाला समजत नाहीये. समितीला वाटतं की लोक तुमच्या खिडकीपुढे मुद्दाम रांग लावतात. त्यांनी माणूस ठेवलाय इथे.

लोइझा : करडी टोपी. त्याचाही कोट मीच घेतो. खिशात नेहमी अर्धवट खाल्लेला पाव असतो, अस्तराला लोणी लागतं. मी त्याला कागद देतो गुंडाळायला.

राडिम : तुम्ही ‘नाही’ म्हणालात तर ही खिडकीही जाणार. उद्याच. तुम्हाला शहराबाहेरच्या गोदामात टाकतील. जुने पडदे, प्लास्टरचे पुतळे. दिवसभरात माणूस दृष्टीस पडणार नाही.

हेडविका : आणि इथे कोण? मी एकटी? सहाशे कोट? माझ्या खांद्याला संधिवात आहे, डॉक्टरांनी हात वर करू नका म्हटलंय. खऱ्या डॉक्टरांनी, औषध देणाऱ्या. मी उद्या त्यांचा कागद आणते. दोन्ही खिडक्या बंद. बसू द्या मंत्र्यांना कोट मांडीवर घेऊन, टोप्या गुडघ्यावर. वर्तमानपत्रात फोटो छान येईल.

राडिम : तुम्हालाही काढतील.

हेडविका : काढा. माझी पेन्शन मी ट्राम हाकून कमावलीय, कोट अडकवून नाही. तिला हात लावायला तुम्हाला ट्राम थांबवायला लागेल.

राडिम : काका, मी तुमच्या पाया पडतो. मी सगळीकडे शब्द टाकलाय. मला तुमचं काम आवडतं, हे तरी खोटं समजू नका. लहानपणी आईबरोबर सिनेमाला जायचो, पडद्यावर तुम्ही आलात की आई म्हणायची, आला बघ आपला. नावही माहीत नव्हतं. मला तुमचं नाव वर बघायचं होतं. त्यात माझा स्वार्थ आहे, कबूल. पण नुसता स्वार्थ नाही.

लोइझा : माहीत आहे मला. तू वाईट नाहीस, राडिम. तू घाबरट आहेस, आणि मीही आहे. त्या दिवशी मीही पळणारच होतो. पण त्या पोराने मला सलाम केला आणि मला पहिल्यांदा वाटलं की आपण इथले आहोत. इथले म्हणजे या चौकाचे, या रस्त्याचे. कोणी विचारलं तर सांगायचा हक्क आपल्याला आहे. तेवढा एक क्षण माझा. तो मी तुझ्या मिनिटभराच्या खुलाशासाठी देऊन टाकला, तर माझ्याजवळ उरलं काय? वेटरचं सूप.

राडिम : मग मी समितीला काय सांगू?

लोइझा : सांग, कुद्रना म्हणतो त्याने रस्ता मुद्दाम चुकवला. शुद्धीत होता, एकटा होता, आणि डावं-उजवं त्याला चांगलं कळतं. तुझ्याबद्दल मी काही बोलणार नाही. विचारलं तर म्हणेन, रणगाडे येत असताना मागे वळून कोण कुठल्या गाडीत बसलं ते बघायला मला सवड नव्हती. तेवढं खरंच आहे.

राडिम : ते मला विचारतील.

लोइझा : विचारतील. आणि तू काहीतरी सांगशील. ते तुझं वाक्य. ते मी लिहून देऊ शकत नाही.

राडिम : नावाडी दुसऱ्याला जाईल, काका. सोमवारी. एकदा गेला की गेला.

लोइझा : कोणाला?

राडिम : कशाला विचारता?

लोइझा : सांग ना.

राडिम : श्कवर्दाला.

हेडविका : तो? दात दाखवत बोलणारा? तो तर होडीत बसला की होडी बुडायची.

लोइझा : नाही हेडविका, चांगला नट आहे तो. थोडा देखणा आहे, पण त्याला इलाज नाही. राडिम, एक ऐक. त्याला माझं नाव सांगू नकोस, तुझं म्हणून सांग. पहिल्या भागात लोक होडीत चढतात तेव्हा तो त्यांच्या तोंडाकडे बघून हसेल. श्कवर्दा हसणारच, त्याची खोड आहे. त्याला हसू देऊ नकोस. नावाडी माणसाच्या तोंडाकडे बघत नाही, पायांकडे बघतो. पाय कुठे पडला त्यावर होडी कलते. आयुष्यभर त्याने गावाचे पाय पाहिलेत. कोण लंगडतं, कोणाचे बूट नवे, कोण काल प्यायलं होतं, सगळं त्याला पायांवरून कळतं. आणि चौथ्या भागात मुलगा पुलावरून चालत येतो ना, कोरड्या पायांनी, तेव्हाच त्याने पहिल्यांदा मान वर करून मुलाच्या तोंडाकडे बघायचं. रडायचं नाही. नुसतं बघायचं. बाकी लोक आपापलं रडतील.

राडिम : हे तुम्ही कुठे शिकलात?

लोइझा : इथेच. पाच वर्षं खिडकीत बसून. आता तुझा कोट नीट बंद कर, बाहेर वारा आहे.

राडिम : काका, अजून विचार करा. उद्या दुपारपर्यंत मी कोणाला काही सांगत नाही.

हेडविका : आत टाळ्या सुरू झाल्या.

लोइझा : बाजूला हो, राडिम. माणसं येतायत.